खोली भाड्याची

सणसवाडीच्या विकास आराखड्यासाठी गावाची बैठक बोलावली होती. शाळेच्या हॉलमध्ये आम्ही जमीनवाले पुढं बसलो होतो. भाड्याच्या खोल्यांमध्ये राहणारी ती दाराशी उभी होती, कंपनीचा निळा एप्रन घालून, ओढणीचं टोक बोटाला गुंडाळत. रोज सकाळी मी तिला बघायचो. लेकीला शाळेत सोडायला निघायची आणि ट्रेलर आला की दोघी गटाराच्या कडेला अंग चोरून उभ्या राहायच्या. नाव मी कधी विचारलं नाही.

आराखडा करणाऱ्या साहेबांनी सूचना मागितल्या तसा तिनं हात वर केला. "खोल्यांपासून शाळेपर्यंत पायी चालायला जागा पाहिजे," ती हिंदीच्या वळणाच्या मराठीत म्हणाली.

"भाडेकरूंचं काय, आज हाय, उद्या न्हाई," माझ्या शेजारचा म्हणाला.

तिनं ओढणी सोडली. "दादा, रूम भाड्याची आहे. मुलगी भाड्याची नाही. ती इथंच जन्मली."

शाळेच्या रस्त्याला ज्यांचं शेत लागून आहे, ते म्हातारे आबा मागं वळले. "पोरी, फुडं ये. नकाशावर दाव, कुठनं चालती तू."

पुढच्या बैठकीला खोल्यांमधली इतकी माणसं आली की सतरंज्या कमी पडल्या. तिची कंपनी मात्र अजून सुटायची होती. साहेबांनी नकाशा उलगडला, तसे आबा म्हणाले, "रस्त्याकडची माझ्या शेताची पट्टी मी देतो. पण ती पोरगी येऊ द्या. तिला इचारल्याबिगर रेघ मारायची न्हाई."

आम्ही चहा मागवला आणि तिची वाट बघत बसलो.