माधवचा एकुलता एक डायलॉग

आमच्या घराण्यातून आजवर दोनच माणसं सिनेमात झळकली, आणि त्यातल्या एकालाच मानधन मिळालं.

तो माझा भाचा माधव. चेन्नैला वर्षानुवर्षं धक्के खाऊन त्याला एका तमिळ सिनेमात ड्रायव्हरचं काम मिळालं. डायलॉग एकच: "सार, वंडी रेडी!" म्हणजे साहेब, गाडी तयार आहे. माझ्या अक्काला, म्हणजे त्याच्या आईला, तेवढा डायलॉग थिएटरात बसून ऐकायचा होता. पण तिचे गुडघे आणि ती पहिल्या दिवसाची गर्दी! "गर्दी ओसरली की मीच नेतो," असं सांगून पहिल्या खेळाला मी एकटाच जाऊन आलो.

"पोर कसा बोलला रे, तंबी?" अक्कानं तिच्या धाकट्या भावाला, म्हणजे मला विचारलं.

"फार छान, अक्का!" (खरं तर आनंदाच्या भरात मला काहीच ऐकू आलं नव्हतं.)

वर तंजावुरच्या राजवाड्यामागच्या आमच्या गल्लीत दारोदार भाषण ठोकलं, "चोरून काढलेला सिनेमा मोबाइलवर कुणी बघायचा नाही! थिएटरं ओस पडली तर माधवला पुढचं काम कोण देणार?"

तिसऱ्याच दिवशी अक्काकडे गेलो, तर ती मोबाइल नाकाला लावून बसलेली आणि भोवती अख्खी गल्ली!

"अक्का, चोरीचा माल?"

"ओरडू नको रे! माझा पोर आहे तो. चोरून बघीन, उघड बघीन, तुला काय? बैस गुमान."

बसलो. (तत्त्व तत्त्वाच्या जागी, पण कॉफी आली होती.) कुणीतरी थिएटरातच मोबाइलवर उतरवलेला सिनेमा तो. पडदा तिरका, मधेमधे खोकला. अखेर माधव आला, त्यानं गाडीचं दार उघडलं, तोंड उघडलं... आणि कॅमेऱ्यापुढे एक टक्कल उभं राहिलं! अख्खा माधव झाकला गेला.

"कोण रे हा गाढव!" अक्का कडाडली.

"बस की खाली, मेल्या!" मीही ओरडलो.

तेवढ्यात ते टक्कल हात नाचवत बोंबललं, अस्सल आमच्या घरच्या मराठीत: "हा आमचा माधव! अक्काचा लेक! बघा की सगळे!"

सगळ्या माना माझ्याकडे वळल्या. तमिळनाडूच्या थिएटरात मराठीतून बोंबलणारा दुसरा कोण सापडणार!

संध्याकाळी माधवचा फोन आला. "मामा, ती कॉपी सगळीकडे फिरतेय. थिएटरात माणूस नाही. माझं तोंड कुणी पाहिलं नाही, तुमचं टक्कल मात्र सगळ्यांनी पाहिलं!" तो हसत होता, पण आवाज जड होता. मला फार वाईट वाटलं.

सिनेमा उतरायच्या आत, दुसऱ्याच दिवशी ऑटो करून अक्काला आणि माझ्या बायकोला नेलं. थिएटरात मोजकीच डोकी होती. माधव दिसताच बायकोनं खबरदारी म्हणून माझ्या तोंडात अख्खा मुरुक्कू कोंबला. (चकलीचा असा उपयोग मी प्रथमच पाहिला.)

"सार, वंडी रेडी!" खणखणीत ऐकू आलं. अक्कानं पदरानं डोळे पुसले.

"कसं वाटलं?" मी तोंडातला मुरुक्कू सांभाळत विचारलं.

"पोर चांगला बोलला रे. पण तू नव्हतास की त्यात! मोबाइलातलंच बरं होतं."

असं हे माझं सिनेमातलं पदार्पण. तंजावुरात हल्ली अनोळखी माणसंसुद्धा मला ओळखतात. फक्त मला त्यांच्याकडे पाठ करून उभं राहावं लागतं!