अ-फा घरी आला त्याची गोष्ट

तुंगकांग बंदराच्या धक्क्यामागे जवळा वाळवणाऱ्या बायकांत बीयूनइतकी फटकळ दुसरी नाही. ऊन कमी पडलं तर ती उन्हालाही चार शब्द सुनावते. पण नवऱ्याचा विषय निघाला की गप्प बसायची, आणि जवळा उगाचच खालीवर करत राहायची.

नवरा अ-फा माकुलं पकडणाऱ्या बोटीवर होता. पृथ्वीच्या पार दुसऱ्या टोकाच्या एका बंदरात तापानं गेला. तिथल्या लोकांनी त्याला जाळून अस्थी एका बरणीत घातल्या, बरणी दवाखान्याच्या कपाटात ठेवली, आणि ती तिथेच राहिली. त्या देशाच्या लेखी आपण देशच नाही. आपला राजदूत तिथे नाही. आपलं जे काही आहे त्याच्या दारावर व्यापार कार्यालय अशी पाटी आहे, आणि व्यापार कार्यालयाचा शिक्का मेलेल्या माणसाच्या कागदावर चालत नाही. तिथले मंत्री आपल्या माणसाच्या हाताला हात लावायलाही घाबरतात. लेक पेइयिंग अर्ज करून थकली. बीयून देव्हाऱ्यापुढे रोज भाताचं ताट मांडायची आणि जेवणारा येत नाही म्हणून चिडायची.

मार्ग काढला तो खासदार होंगबाईंनी. मंत्र्यांना जे जमत नाही ते खासदारांना जमतं, कारण खासदार कुठेही जेवायला जाऊ शकतात आणि त्याला कुणी राजकारण म्हणत नाही. दोन्हीकडच्या खासदारांचं एक मैत्री मंडळ होतं. बाईंनी तिथल्या इबारा नावाच्या खासदाराला गाठलं. त्यानं आपल्या संसदेच्या समितीत एक छोटासा ठराव आणला: मृतांच्या कागदांवर व्यापार कार्यालयाचा शिक्का चालावा, एका वर्षापुरता, मग पुन्हा मतदान. विरोधकांनी आरडाओरडा केला, आपल्या शेजारच्या बड्या देशाचा तिथला राजदूत रागावला, तरी ठराव काठावर पास झाला. इबारा मंडळासोबत इकडे यायचाच होता. बरणी त्यानं स्वतःच्या मांडीवर ठेवून आणली. भला माणूस.

पण भल्या माणसाला आमची रीत कुठून ठाऊक असणार? मेलेल्याला घरी आणताना वाटेत बोलत राहावं लागतं. पूल आला की सांगायचं, बाबा, पूल आला, मागे मागे या. बोगदा आला की सांगायचं. नाहीतर आत्मा अलीकडच्याच काठावर उभा राहतो. काऊशुंगच्या विमानतळापासून पेइयिंग सगळं सांगत आली. त्याआधीच्या सगळ्या समुद्रावर मात्र इबारा झोपला होता.

बीयूननं देव्हाऱ्यापुढे कौलाचे लाकडी तुकडे टाकले. एक उताणा, एक पालथा पडला तर हो. तिनं विचारलं, आलास? दोन्ही पालथे, म्हणजे नाही. पुन्हा टाकले. दोन्ही पालथे. त्यानंतर महिनोन्महिने तेच. आणि तरी घरात कुणीतरी होतं. भर दुपारी पायरीवर ओली पावलं उमटायची, दारापर्यंत यायची आणि आत न येता तिथेच सुकून जायची. ताटाशी ठेवलेल्या जेवणाच्या काड्या ती उजवीकडे ठेवायची, पाठ वळली की डावीकडे सापडायच्या. पेइयिंग म्हणाली, मांजर असेल. घरात मांजर नव्हतं.

देवळातल्या म्हाताऱ्यानं सांगितलं, ज्यानं आणला त्यानंच बोलावला पाहिजे. म्हणून पुढच्या वर्षी मंडळ आलं तेव्हा होंगबाई इबाराला धक्क्यावर घेऊन आल्या. तो बिचारा अवघडला होता. त्याच्या सभापतींनी तंबी दिली होती, तिथे जेवा, फिरा, पण चारचौघांत त्या जागेला देश म्हणू नका. पुढच्याच आठवड्यात ठरावावर पुन्हा मतदान आहे.

"देश कोण म्हणायला सांगतंय?" बीयून म्हणाली. "तुंगकांग म्हण. घर म्हण. मेलेल्याला तेवढं पुरतं."

दुभाष्यानं ते सांगितलं. इबारानं घरून आणलेली बरणी छातीशी धरली, पाण्याकडे तोंड केलं आणि आपल्या भाषेत हाक मारली: समुद्र संपला, तुंगकांग आलं, उतर, घर जवळ आहे. वारा नव्हता. तरी बांधलेल्या होड्या एकामागून एक हलल्या, बाहेरच्या टोकापासून आतपर्यंत, कुणीतरी त्यांच्यावरून पाय ठेवत यावं तशा. इबाराचा चेहरा पांढराफटक पडला. नंतर चहासुद्धा न घेता तो गाडीत जाऊन बसला.

घरी येऊन बीयूननं कौल लावला. आलास? एक उताणा, एक पालथा. हो. पेइयिंग रडायला लागली. बीयूनचेही डोळे भरले, पण तिचं लक्ष ताटाकडे गेलं. काड्या डावीकडे होत्या. तिला आत्ता कुठे उमगलं: अ-फा तर उजव्या हातानं जेवायचा.

तिनं हळूच विचारलं, "अ-फा, तूच ना?"

दोन्ही पालथे.

पुन्हा टाकले. नाही. तिसऱ्यांदाही नाही.

दवाखान्याच्या त्या कपाटात आपल्या माणसांच्या बऱ्याच बरण्या होत्या, हे होंगबाईंना ठाऊक होतं. त्या दारातच उभ्या होत्या. बीयून त्यांच्याकडे वळली. "बाई, माझा माणूस तिथेच राहिलाय. हा कुणी दुसराच आहे."

होंगबाई खाली बसल्या. त्यांनी लपवाछपवी केली नाही, एवढं त्यांच्या बाजूनं म्हणायला हवं.

"मावशी, तुम्ही म्हणाल तर मी आज इबाराला सांगते. पण हे तिथे फुटलं तर विरोधक म्हणतील, बघा, न मानलेल्या देशाच्या शिक्क्यावर माणसं बदलली. ठराव पडेल. बाकीच्या बरण्या आहेत तिथेच राहतील. अ-फाची पण."

"आणि मी गप्प बसले तर?"

"तर बाकीचे येतील," बाई म्हणाल्या. "पण कागदावर अ-फा घरी आलाय. आलेल्या माणसाला परत मागता येत नाही."

सहज बघावं तशी बीयूननं पायरीकडे पाहिलं. ओली पावलं या वेळी उंबरा ओलांडून आत आली होती, आणि ताटापुढे दोन्ही टाचा जुळवून थांबली होती. पाहुणा परक्या घरी थांबतो तशी. तिला त्याचा राग आला. मग त्याच्या आईचा विचार आला, आणि राग टिकेना.

"होऊ दे मतदान," ती होंगबाईंना म्हणाली. "माझ्याकडून शब्द बाहेर जाणार नाही."

ठराव पुढच्या आठवड्यात एका मतानं टिकला. बरण्या येऊ लागल्या, कुणाची सिनचूला, कुणाची फंगहूच्या बेटांवर. प्रत्येक वेळी बीयून धक्क्यावर जाते आणि त्या घरच्यांना विचारते, कौल काय पडला? लोकांना वाटतं, म्हातारी चौकशी करते. ती शोधत असते दुसऱ्या कुणाच्या नावानं आलेल्या अ-फाला.

शब्द दिला त्या दिवशी मात्र बाई गेल्यावर तिनं पेइयिंगला बाहेर काढलं, अ-फाच्या नावाची पाटी देव्हाऱ्यात नीट लावली आणि ताटासमोर बसली.

"ऐक," ती ओल्या पावलांना म्हणाली. "तुझं नाव मला माहीत नाही, तर त्याचं वापर. जेव, राहा. पण तो आला की उठायचं. कबूल?"

तिनं तुकडे टाकले. ते जमिनीवर पडले आणि फिरत राहिले, लाकूड फिरू नये इतका वेळ. थांबले तेव्हा दोन्ही पालथे होते.