माहेरगावचा माणूस

सदुसष्ट साली माझं लग्न ठरलं तेव्हा थोरला भाऊ धुळ्याच्या तुरुंगात होता. शेताच्या बांधावरून भांडण झालं, त्याच्या हातून आमचा चुलतभाऊ मेला आणि सात वर्षांची शिक्षा लागली. वडिलांनी, म्हणजे आबांनी, जामनेरच्या पाहुण्यांना सांगून टाकलं, "आम्हाला ही एकुलती एक लेक." मीही मान खाली घालून गप्प बसले. उगाच सगळं आबांच्या माथी कशाला मारू?

सासरी दर भाऊबीजेला मी चंद्राला ओवाळायचे, भाऊ नसलेल्या बायका ओवाळतात तशी. सासूबाईंना माझी फार कीव यायची आणि मी ती निमूट करून घ्यायचे.

चौथ्या वर्षी आबांनी अंथरूण धरलं, म्हणून भावाला पंधरा दिवसांचा पॅरोल मिळाला. ऐन भाऊबीजेला तो आमच्या दारात उभा! केस बारीक कापलेले, हातात खणाची पुडी. रोज सकाळी माहेराजवळच्या एरंडोलच्या पोलीस ठाण्यात हजेरी द्यायची होती, तरी दोन एसट्या बदलून आला होता.

"कोण आलंय गं?" सासूबाईंनी आतून विचारलं.

 माझ्या तोंडातून निघालं, "माझ्या गावचे आहेत."

त्याने एकदाच माझ्याकडे पाहिलं. मग बाहेर आलेल्या सासूबाईंना म्हणाला, "हा अक्का, मी तिन्हा गावना शे. आबानी खण धाडेल शे."

त्याला ओसरीवर बसवून लाडू-शेव दिली. तेवढ्यात मावळतीला बारीक कोर दिसली आणि सासूबाईंनी तबक माझ्या हातात दिलं. माझा सख्खा भाऊ चार पावलांवर बसलेला, आणि मी त्याच्याकडे पाठ करून आभाळाला ओवाळलं. वळले तर तो चपला घालत होता. लाडू तसाच होता.

"येस्टी निंघी जाई," एवढंच म्हणाला.

आबा त्या हिवाळ्यात गेले. भाऊ सुटला आणि सुरतेकडे कामाला गेला असं कानावर आलं. माझ्या दारात पुन्हा कधी आला नाही, आणि बोलवायला मला तोंड नव्हतं.

पण त्या संध्याकाळी तो गेल्यावर सासूबाई ताटली उचलता उचलता जे बोलल्या, ते आजही मला सुखाने बसू देत नाही.

"बिचारा सणाचा एवढ्या लांबून आला. माहेरगावचा माणूस म्हणजे भाऊच की गं! त्यालाच ओवाळलं असतंस, तर कोणी नको म्हटलं होतं?"

कोणीच म्हटलं नव्हतं.