बाराची रिलीफ

फौजेतून नायब सुभेदार म्हणून निवृत्त झालो आणि पनवेलला नगरपालिकेच्या पाणी खात्यात मुकादम लागलो. खोड जात नाही. हाताखालच्या अकरा माणसांना दोन नियम लावून दिले. रिलीफ, म्हणजे बदली माणूस, आल्याशिवाय पोस्ट सोडायची नाही. माझ्या हुकमाशिवाय कुणी ड्यूटी बदलायची नाही. सगळे हसले. बेलपाड्याचा दामू तेवढा हसला नाही. वय पंचावन्न, शुगरचा पेशंट. रोज मला कडक सॅल्यूट ठोकायचा, तोही डाव्या हाताने.

त्या ऑक्टोबरात शाळेसमोर पाइपलाइनसाठी आठ फूट खोल चर खणला होता. बॅरिकेड आले नव्हते. सकाळी आठला दामूला लाल झेंडा देऊन तिथे उभा केला.

"बाराला रिलीफ पाठवतो. मग चौकीत येऊन जेव."

"बरा, सायेब."

अकराला मोठ्या साहेबांचा निरोप आला. सभागृहात कर्मचाऱ्यांपुढे नेतृत्वावर दहा मिनिटं बोला. मी फोन सायलेंट केला आणि पाऊण तास बोललो. "जवान जेवल्याशिवाय लीडर जेवत नाही," असंही सांगितलं. टाळ्या पडल्या, शाल-नारळ झाला. मग जेवण होतं. मी जेवलो. लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण.

दोन वाजता फोन पाहिला. चौकीतून सात मिस्ड कॉल. रिलीफचा माणूस बाराला तयार होता. हुकूम नव्हता.

मी धावत गेलो. दामू मातीच्या ढिगाला टेकून उभा होता. शर्ट घामाने भिजलेला, हात थरथरत होते. समोरचा दुकानदार म्हणाला, "कितीदा सांगितलं, सावलीत बसा. ऐकत नाहीत. चहा दिला, तर म्हणे साखर चालत नाही."

"सायेब, चरात कोन परला नाय," दामू म्हणाला. त्याने झेंडा माझ्या हातात दिला, खाली बसला, तो उठलाच नाही. सकाळची गोळी, रिकामं पोट, वर ऊन. साखर फार खाली गेली होती, असं डॉक्टर म्हणाले. संध्याकाळी सहाला दामू गेला.

सरहद्दीवर माझ्या प्लाटूनचे दोन जवान पडले. त्यांची नावं दगडावर कोरलेली आहेत. दामूचं नाव फक्त हजेरीपटावर होतं. पुढच्या महिन्यात तिथेही नव्हतं.

चौकीत राहिलेला त्याचा डबा मीच बेलपाड्याला नेला. त्याच्या बायकोने झाकण उघडलं. भाकरी, सुका बोंबील, सगळं तसंच होतं.

"जेवले नाय?"

"नाही, वहिनी. मी जेवलो. तो राहिला."