कानबाईच्या रविवारी लागलेली स्पर्धा

देशोदेशीच्या गायकांची ती स्पर्धा टीव्हीवर अजूनही लागते. लोक अजूनही जेवणाची ताटं घेऊन तिच्यासमोर बसतात. आणि ती सुरू झाली की माझं डोकं अजूनही सणकतं.

मेहरूणला आमच्या घरी केबल आली तेव्हापासून आमच्या वडिलांना, आबांना, तिचं वेडच लागलं होतं. दुबईची असो की लंडनची, एखादी पोरगी गायला उभी राहिली की ते मांडीवर ताल धरायचे. "काय गळा शे वं हिना!" म्हणायचे. गळा तर आमच्या अक्काचाही होता. माझी ही थोरली बहीण भाकरी थापताना गायला लागली की शेजारणी हातातलं काम टाकून दारात येऊन उभ्या राहायच्या. आबांच्या लेखी ते गाणंच नव्हतं.

एका श्रावणात कळलं की त्याच स्पर्धेची पहिली निवड धुळ्याला होणार आहे. अक्कानं गाणं घोटून घोटून बसवलं. आईला पटवलं, मामाला सोबत यायला तयार केलं. अन् नेमका तो रविवार कानबाईचा निघाला! कानबाई म्हणजे आमच्याकडचा देवीचा सण, सगळे भाऊबंद एका घरात, रोट आणि पुरणाचा घाट. आबांनी सरळ सांगून टाकलं, "घरनी पोर आज भाहेर जाई नही. गानं म्हननं शे ना? कानबाईपुढे म्हन."

मामा आला तसा चहा पिऊन परत गेला. अक्का रडली नाही, मुकाट्यानं पुरण वाटायला बसली. मला मात्र असा संताप आला होता की वाटलं, देवीलाच जाऊन विचारावं, बाई गं, तुला तरी हे पटतं का?

दिवेलागणीला कानबाई बसवली. बायका गोल करून बसल्या आणि अक्कानं गाणं धरलं. काय लागला होता आवाज! काकूनं डोळ्यांना पदर लावला. दुसरं कडवं सुरू होतंय तोच पुढच्या खोलीतून आबा ओरडले. सगळे पुरुष तिथे टीव्हीसमोर बसले होते. "हळू म्हना वं! स्पर्धा लागेल शे, काही आयकू येस नही!"

अक्का गप्प झाली.

मी तरातरा पुढच्या खोलीत गेले आणि टीव्हीच्या आडवी उभी राहिले. म्हटलं, "आबा, तो आवाज तुमच्या पोरीचा आहे."

त्यांनी मला हातानं बाजूला सारलं. "सरक," म्हणाले, "दिसस नही."