सखूआत्याची टोपली

सखुबाईने सारी उमर मिठागरात डोक्यावरून मीठ वाहिलं. तिचा भाचा परेश गायक झाला, तेव्हा त्याने पहिल्या अल्बमच्या कव्हरवर तिचंच कार्टून काढून घेतलं. काळी, ठेंगणी बाई, डोक्यावर कापडाची गोल चुंबळ आणि चुंबळीवर मिठाने शिगोशीग भरलेली टोपली. खाली नाव, ‘सखूआत्या’. सखुबाईला ते फार आवडलं.

पुढच्या अल्बमवर ती गोरी झाली. त्याच्या पुढच्यावर कंबर बारीक झाली आणि टोपली बशीएवढी उरली. पोरगं वर येतंय, म्हणून सखुबाई गप्प बसली.

यंदाचं कव्हर परेशने स्वतः आणून दाखवलं. टोपली गायब होती. चुंबळ तेवढी राहिली होती आणि चित्रकाराने तिला सोनेरी रंग देऊन तिचा मुकुट केला होता.

“राणी केली तुला, आत्या!”

“राणी? आनी मीठ काय तुझा बापूस वाहतोय?”

“अगो, टोपलीने चित्र जड होतं.”

“जडच होती ती! मान झिजली माझी तिच्याखाली. माझं नाव काढ तिथनं.”

“छापून झालं गो.”

“मंग मला स्टेजवर बोलवू नको. बोलावलंस तर माईकवर सांगेन, ही बाई मी न्हाय.”

बोर्ली गावच्या कार्यक्रमात परेशने तिला स्टेजवर बोलावलंच. सखुबाईने माईक घेतला आणि मागे लावलेल्या कव्हरच्या चित्राकडे बोट दाखवून ती म्हणाली, “ही बाई मी न्हाय.” लोकांना गंमत वाटली, टाळ्या पडल्या. टाळ्या थांबेपर्यंत ती तशीच उभी राहिली आणि मग पुन्हा तेच म्हणाली.