पडण्याआधीचं चित्रण

बहिणीचे यजमान उन्हाळ्यात पुलगावला आमच्याकडे आले की जेवणानंतर टीव्हीवर जुने अमेरिकन विनोदी लघुपट लावतात. काळेपांढरे. नवरा नळ दुरुस्त करायला घेतो, घरभर पाणी होतं, बायको घसरते, शिडी कोसळते. पुढच्या दृश्यात कुणाला साधी सूजही नसते. पडणारी माणसं पडण्यात तरबेज होती आणि त्याचा पगार घेत होती.

या मे महिन्यात आई कूलरमध्ये पाणी टाकायला जाताना ओल्या फरशीवर घसरली. मनगट मोडलं. प्लास्टर घालून मी तिला घरी आणलं, तोवर जावयांनी तिच्या पडण्याचा व्हिडिओ नातेवाइकांच्या ग्रुपवर टाकलेला होता. मागे पिपाणीचं संगीत. खाली हसणारे चेहरे. हात कसा आहे, हे एकानंही विचारलं नव्हतं.

"काढा तो," मी म्हणालो.

"भाऊ, मजाक आहे न! रोज तेच त पाहून हासतो आपण."

"राहू दे," आई मला म्हणाली. "जवाई हायेत ते."

आमच्याकडे जावयानं पाण्याचा पेलाही स्वतः भरून घ्यायचा नसतो. त्याला सुनावणं तर दूरच. बहीण खाली पाहत होती.

मी व्हिडिओ पुन्हा पाहिला. तो आईपासून सुरूच होत नव्हता. आधी नुसती फरशी, तिच्यावर सांडलेलं पाणी. कॅमेरा तिथंच थांबलेला. मग आई येते, दोन्ही हातांनी भरलेली बादली धरून. कुणी "थांबा" म्हणत नाही.

मी फोन आईसमोर धरला. तिनं शेवटपर्यंत पाहिलं.

"म्हंजे पानी तुम्हाले दिसलं होतं," ती जावयांना म्हणाली.

ते हसले. "आई, मले वाटलं तुम्ही पाहून पाय टाकसान."

"मंग फोन काऊन धरला होता?"

त्यांनी स्वतःचा फोन उचलला. ग्रुपवरून व्हिडिओ काढून टाकला. तोवर आष्टीच्या मामेबहिणीनं तो पुढं पाठवून दिला होता.

कूलर कोरडाच घरघरत होता.

"बादली न्हाणीत हाये," आई जावयांना म्हणाली.

बहीण झटकन उठली.

"तू बस," आई तिला म्हणाली.

जावई उठले. त्यांच्या मदतीला कुणी गेलं नाही.